डेन्सो निंगेन (१९६०)

डेन्सो निंगेन हा तोहो स्टुडिओचा १९६० सालचा जपानी सायन्स फिक्शन सिनेमा, बाहेर 'द सीक्रेट ऑफ द टेलेजियन' या नावाने माहीत असलेला. दिग्दर्शक जुन फुकुदा, पटकथा शिनइची सेकिझावा आणि स्पेशल इफेक्ट्स गोजिरावाल्या (म्हणजे आपल्या गॉडझिलावाल्या) एइजी त्सुबुरायांचे. विषय काय, तर माणसाला क्षणात दुसरीकडे पाठवणारं मशीन, पण मुळात हा खुनाचा आणि सूडाचा सिनेमा आहे.

सुरुवातीलाच मनोरंजन पार्कातल्या भुताच्या गुहेत संगीन खुपसून एकाचा खून होतो आणि खुनी गायब. मग पोलिस आणि एक पत्रकार माग काढतात तेव्हा कळतं की सगळ्याचं मूळ महायुद्धाच्या शेवटच्या दिवसांत आहे. डॉ. निकींचं संशोधन सुरक्षित जागी हलवायचं या नावाखाली लेफ्टनंट ओनिशी आणि त्याची गँग सोनं ढापायला बघत होती, सुदो नावाचा सैनिक आडवा आला म्हणून त्याला गोळी घातली आणि डॉक्टरांसकट गुहेत गाडून टाकलं. पण दोघंही वाचले! आता १४ वर्षांनी सुदो डॉक्टरांच्याच मशीनमधून जातो, एकेकाला संपवतो आणि परत येतो, आणि बिचाऱ्या डॉक्टरांना आपल्या शोधाचं काय चाललंय याचा पत्ताच नाही.

मशीनमागचं सायन्स फार ताणू नये, अतिथंड तापमान लागतं वगैरे सांगून मोकळे होतात. इफेक्ट मात्र आजही भारी वाटतो: सुदोच्या अंगावर निळसर उजेड आणि जुन्या टीव्हीसारख्या आडव्या रेघा धावतात.

माझ्या मते मशीनपेक्षाही जबरी आहे तो ओनिशीचा कॅबरे, नाव 'दाई होनएई' म्हणजे युद्धकाळातलं शाही लष्करी मुख्यालय, तिथे वेट्रेस लष्करी गणवेशात दारू वाढतात. ज्यांनी युद्धात चोरी केली तेच आता युद्धाच्या आठवणी विकून पैसा करतायत, हा टोमणा सिनेमा न बोलता मारून जातो.

तोहोच्या 'रूप बदलणारी माणसं' मालिकेत हा १९५८ च्या 'बिजो तो एकिताई निंगेन' नंतरचा, आणि फुकुदांचा पहिलाच इफेक्ट्सपट, पुढे १९६६ पासून त्यांनी गोजिराचे पाच सिनेमे केले. सुदो झालेल्या तादाओ नाकामारूला असले रोल फारसे आवडायचे नाहीत, म्हणून त्याच वर्षीच्या 'गासू निंगेन दाईइचिगो' मधलं मुख्य काम योशिओ त्सुचियाकडे गेलं, आणि त्याने त्याचं सोनं केलं.