1374389535 म्हणजे भागिले शंभर

वागळे इस्टेट किंवा महापे एमआयडीसीत एखाद्या जुन्या युनिटचा पगार अजून वीस वर्षांपूर्वीच्या प्रोग्रामवर निघत असतो. एक्सई फाइल (यंत्रावर थेट चालणारा तयार प्रोग्राम) आहे, सोर्स कोड (माणसाने लिहिलेला मूळ मजकूर) गायब, लिहिणारा केव्हाच नोकरी सोडून गेलेला. नियम बदलला की धावपळ सुरू होते आणि कुणीतरी म्हणतंच, "एआयला द्या, जसाच्या तसा कोड काढून देईल."

जसाच्या तसा कधीच मिळत नाही. व्हेरिएबलची, म्हणजे आकडे ठेवायच्या खणांची, नावं आणि लिहिणाऱ्याच्या टिपा (कॉमेंट) ग्राहकाला दिलेल्या एक्सईत सहसा उरतच नाहीत. एआय नावं सुचवतं तो अंदाज असतो, भले बरा असेल. हिशेब मात्र शाबूत असतो, फक्त वेष पालटून.

समजा, मूळ सी प्रोग्राममध्ये पैशांचे रुपये करायला 100 ने भागलंय. यंत्रभाषेत पाहिलं तर 100 कुठेच नाही! दिसतो 1374389535 ने गुणाकार. प्रोसेसरला भागाकार गुणाकारापेक्षा फार महाग पडतो, म्हणून कंपायलर, म्हणजे मूळ कोडचं यंत्रभाषेत रूपांतर करणारा प्रोग्राम, तो टाळतो. 2 चा 37 वा घात, म्हणजे 137438953472, याला 100 ने भागून उत्तर वरच्या पूर्णांकात घेतलं की हीच संख्या येते. आता 12345 पैसे तिने गुणा: 16966838809575. याचे बायनरीतले शेवटचे 37 बिट सोडून द्या, उरतात 123 रुपये. 32 बिटच्या यंत्रात गुणाकार दोन रजिस्टरांत (प्रोसेसरमधल्या आकडे ठेवायच्या छोट्या जागांत) मावतो; वरचा अर्धा भाग असलेलं एडीएक्स नावाचं रजिस्टर घेतलं की 32 बिट आपसूक गळतात, ते आणखी 5 बिट उजवीकडे सरकवलं की काम झालं. मला हे फार देखणं वाटतं.

डिकंपायलर, म्हणजे यंत्रभाषेतून पुन्हा कोड काढणारा प्रोग्राम, उलटा चालतो. 137438953472 भागिले 1374389535 म्हणजे 99.99999998, तेव्हा मूळ भाजक 100. अमेरिकेच्या एनएसए या गुप्तचर संस्थेने 2019 मध्ये खुला केलेला घिड्रा हा डिकंपायलर असे नमुने ओळखतो.

मिळालेला कोड तपासताना जुन्या आणि नव्या प्रोग्रामला तेच आकडे द्यावेत, त्यात वजावटीच्या ऋण रकमा हव्यातच. सीमध्ये उणे 12345 भागिले 100 म्हणजे उणे 123. नुसते बिट सरकवले तर उणे 124 येतं. कंपायलर त्यासाठी एक मिळवण्याची वेगळी आज्ञा घालतो. कोड हाताने उतरवणाऱ्याच्या नजरेतून ती निसटली, तर प्रत्येक वजावटीत एक रुपया जास्त कापला जातो.