इंडोनेशियावर डचांचं राज्य खरंच साडेतीनशे वर्षं होतं?

हा आकडा खुद्द इंडोनेशियातही बिनदिक्कत सांगितला जातो. १५९६ मध्ये पहिली डच जहाजं जावा बेटावरच्या बांतेन बंदराला लागली, १९४५ मध्ये स्वातंत्र्याची घोषणा झाली, केली वजाबाकी! पण बंदरात जहाज लागलं म्हणजे राज्य आलं, असं थोडंच असतं?

१६१९ मध्ये डच ईस्ट इंडिया कंपनीने जकार्ता घेऊन बटाव्हिया वसवलं, तरी बहुतेक मुलूख सुलतान-राजांकडेच राहिला. सुमात्राच्या उत्तर टोकावरच्या आचे सल्तनतीशी युद्धच मुळी १८७३ मध्ये जुंपलं आणि तीसेक वर्षं चिघळलं. दक्षिण बालीत १९०६ मध्ये बदुंगचा राजा पालखीतून डच बंदुकांना सामोरा गेला, सोबत पांढऱ्या वस्त्रांतली बायकामुलंसुद्धा. शरण कुणी गेलं नाही. बालीतलंच क्लुंगकुंगचं राज्य पडलं १९०८ मध्ये. जपानी आले १९४२ ला. म्हणजे क्लुंगकुंगवरचा डच अंमल जेमतेम ३४ वर्षांचा.