सगळ्यांची दम घेण्याची जागा एकच

१६ डिसेंबर १९०५. कार्डिफच्या मैदानावर न्यूझीलंडच्या रग्बी संघाने 'हाका' हे माओरी लोकांचं आव्हानाचं नृत्य करून वेल्सला ललकारलं. उत्तर म्हणून वेल्सच्या खेळाडूंनी आपलं गीत सुरू केलं आणि बघता बघता हजारो प्रेक्षकांनी ते उचललं. सामना वेल्सने ३-० असा जिंकला. सामन्याआधी राष्ट्रगीत गाण्याची प्रथा या दिवसापासून पडली, असं सहसा मानलं जातं.

अशा वेळी अंगावर काटा येतो तो देशाच्या अभिमानाने, हे खरंच. पण शरीरही त्यात मोठा वाटा उचलतं. गाताना ओळ संपेपर्यंत आपण श्वास सावकाश सोडतो आणि मग झटकन भरून घेतो. श्वास सोडताना हृदयाचे ठोके किंचित मंदावतात, घेताना वाढतात. व्हेगस नावाची नस हे काम करते. गीत एकच असल्याने दम घेण्याची जागाही सगळ्यांची एकच. मग ठोक्यांचा चढउतारही जुळू लागतो. स्वीडनच्या गोथेनबर्ग विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१३ मध्ये एकत्र गाणाऱ्या तरुणांमध्ये हे मोजून दाखवलं.

मला त्याहून मोलाचा वाटतो तो स्कॉट विल्टरमथ आणि चिप हीथ या संशोधकांचा २००९ चा प्रयोग. त्यांनी लोकांना हेडफोन लावून कॅनडाचं राष्ट्रगीत गायला सांगितलं, तेही अमेरिकेत. काही गटांत सगळ्यांच्या कानात एकच लय होती, काहींत प्रत्येकाची वेगळी. नंतर एकमेकांच्या भरवशावर खेळायचा पैशांचा खेळ झाला, त्यात एका लयीत गायलेल्यांनी जास्त सहकार्य केलं. शब्द तेच, गीत तेच. फरक फक्त बरोबरीने गाण्याचा!

२०१६ च्या युरो फुटबॉल स्पर्धेतले ५१ सामने अभ्यासले, तेव्हा राष्ट्रगीत जीव ओतून गाणाऱ्या संघांवर कमी गोल झालेले दिसले. अर्थात, मुळात एकजीव असलेला संघच तसा गात असेल, हेही शक्य आहे.

स्टेडियममध्ये लय सांभाळणं मात्र कठीण. आवाज सेकंदाला साधारण ३४३ मीटर जातो, त्यामुळे शंभर मीटर पलीकडच्या स्टँडमधला सूर आपल्यापर्यंत पाव सेकंदाहून उशिरा पोचतो आणि गाणं रेंगाळतं. तरीही २०१४ च्या विश्वचषकात ब्राझीलच्या सामन्यांआधी वाद्यं मध्येच थांबत, कारण राष्ट्रगीताला ठरलेला वेळ संपलेला असे. प्रेक्षक थांबत नसत. एकमेकांच्या खांद्यावर हात टाकून उभे असलेले खेळाडू आणि भरलेलं स्टेडियम, नुसत्या गळ्यावर पुढच्या ओळी गात राहत.