सप्तधार: एका काल्पनिक युगाचं गणित

"मामा, माझ्या गोष्टीतल्या जगाला एक युग हवंय. मोठ्ठं. हजारो वर्षांचं."

वाईच्या गणपती घाटाच्या पायऱ्यांवर बसून सातवीतली भाची वहीत गोष्ट लिहीत होती. तिच्या जगाला एक सूर्य, दोन चंद्र आणि एक नदी. नदीचे सातही झरे ज्या दिवशी एकदम वाहतात, तो युगाचा पहिला दिवस. युगाचं नाव सप्तधार.

सात झरे कुठून आले ते मला ठाऊक होतं. आदल्या रविवारी आम्ही क्षेत्र महाबळेश्वरला पंचगंगेच्या देवळात गेलो होतो. तिथे कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री आणि गायत्री नेहमी वाहतात. भागीरथी बारा वर्षांनी आणि सरस्वती साठ वर्षांनी प्रकटते, अशी श्रद्धा आहे. बारा आणि साठ हे आकडे मात्र थेट आभाळातले. गुरूला सूर्याभोवती एक फेरी घालायला ११.८६ वर्षं लागतात, शनीला २९.४६. ढोबळमानाने बारा आणि तीस. त्यांचा लसावि साठ! आपल्या संवत्सरांची प्रभव ते क्षय ही नावंही साठच. गुरू कन्या राशीत आला की कृष्णेकाठी कन्यागत पर्व भरतं. २०१६ मध्ये वाईच्या याच घाटांवर ते झालं.

पण ११.८६ म्हणजे बारा नव्हे. तेवढा फरक साचत जातो आणि साधारण ८५ वर्षांत गुरू एक रास पुढे निघून जातो. म्हणून हरिद्वारचा कुंभमेळा २०१० नंतर बारा नाही, अकरा वर्षांनीच, २०२१ मध्ये भरला.

भाचीच्या जगाकडे वळू. तिथलं वर्ष ३०० दिवसांचं. धाकट्या चंद्राची अमावास्या दर १८ दिवसांनी, थोरल्याची दर ४० दिवसांनी. वर्षाच्या पहिल्याच दिवशी दोन्ही अमावास्या आल्या, की झरे फुटणार. तिने लसावि काढला: १,८०० दिवस. म्हणजे अवघी सहा वर्षं. बिचारीचा चेहरा पडला.

"आता १८ चे १७ कर आणि ४० चे ४१," मी म्हटलं. उत्तर आलं ६९७ वर्षं! एकेका दिवसाने एवढा फरक पडला, कारण आधीच्या तीन संख्यांत सामाईक विभाजक होते, आताच्या संख्यांत एकही नाही. पुढे मी १७ ऐवजी १७.३ आणि ४१ ऐवजी ४१.१ दिवस घ्यायला सांगितले. या वेळी गुणाकाराला पान पुरलं नाही. युग झालं २३,७०१ वर्षांचं.

मला सगळ्यात मोलाची वाटते ती हीच जागा. खऱ्या ग्रहांचे काळ कधीच पूर्णांकात नसतात, आणि जितकं बारीक मोजावं तितकं युग लांबत जातं. इ. स. ४९९ च्या सुमारास आर्यभटाने ४३,२०,००० वर्षांच्या युगात गुरूच्या ३,६४,२२४ आणि शनीच्या १,४६,५६४ पूर्ण फेऱ्या मांडल्या. भागून पाहा: गुरूसाठी ११.८६ वर्षं येतात, शनीसाठी २९.४८. शनीच्या सबंध फेरीत आजच्या मोजणीशी आठवडाभराचाच फरक! एवढी अचूकता त्याने दशांश चिन्हाशिवाय, नुसत्या पूर्ण संख्यांत पकडली. त्यासाठी युग प्रचंडच हवं.

पुराणांत ४३,२०,००० वर्षांच्या या युगाला महायुग म्हणतात, आणि अशी हजार महायुगं म्हणजे एक कल्प, ४३२ कोटी वर्षं. पृथ्वीचं वय सुमारे ४५४ कोटी, हे ऐकून अनेकांना वाटतं की पूर्वजांना ते माहीत होतं. मला तसं वाटत नाही. पृथ्वीचं वय खडकांतल्या आणि उल्कापाषाणांतल्या किरणोत्सारी मूलद्रव्यांवरून काढलं गेलं, कल्पाचा आकडा युगांच्या गुणाकारातून आला. दोन वाटा वेगळ्या आहेत. आर्यभटाची खरी करामत त्या फेऱ्यांच्या संख्यांत आहे, कौतुक तिचं व्हावं.

भाचीने २३,७०१ वर ठळक वर्तुळ काढलं. मग मागचं पान उलटून गोष्टीचं पहिलं वाक्य खोडलं आणि नवं लिहिलं: "सप्तधार युगाचं शेवटचं वर्ष. दोनशे नव्व्याण्णवावा दिवस. झरे अजून कोरडेच होते."