सोलापूर विमानतळ (होटगी रोड)

सोलापूर शहराच्या दक्षिणेला, होटगी रोडवर आसरा चौक ओलांडून पुढे गेलं की कुमठे गावाच्या हद्दीत हे विमानतळ लागतं. कागदावर ‘सोलापूर विमानतळ’ असलं तरी बोलण्यात ते होटगी रोडचं विमानतळच, आणि बोरामणीचं नियोजित विमानतळ चर्चेत आल्यापासून तर हा फरक सांगावाच लागतो. कारभार भारतीय विमानतळ प्राधिकरणाकडे आहे, आंतरराष्ट्रीय तिकीट-संकेत एसएसई.

बरीच वर्षं इथे नियमित प्रवासी विमान नव्हतं. मंत्र्यांची, उद्योजकांची छोटी विमानं, हेलिकॉप्टर, पंढरपूरच्या आषाढीला किंवा निवडणुकीच्या सभांना येणारे पाहुणे, असाच वापर जास्त. २००९-१० च्या सुमाराला किंगफिशर या विमान कंपनीची मुंबई सेवा होती, ती फार टिकली नाही. पुढे लहान शहरांना विमानाने जोडणारी केंद्र सरकारची उडान योजना आली, तरी प्रत्यक्ष विमान उतरायला बराच काळ गेला.

धावपट्टी साधारण २,१०० मीटर लांब, वायव्य-आग्नेय दिशेत. तिच्या टोकांना १५ आणि ३३ हे आकडे पांढऱ्या रंगात असतात, ते काही अनुक्रमांक नाहीत तर होकायंत्राचे अंश दहाने भागून आलेले, म्हणजे एका बाजूने उतरताना विमानाचं तोंड सुमारे १५० अंशांवर आणि दुसऱ्या बाजूने ३३० अंशांवर. लांबी ऐकायला भरपूर वाटते, पण सोलापूरचा उन्हाळा हिशोबात धरावा लागतो. विमानतळाची उंची समुद्रसपाटीपासून ४८० मीटरच्या आसपास, आणि मे महिन्यात दुपारी पारा ४२ अंशांवर गेला की हवा इतकी विरळ होते की विमानाच्या दृष्टीने ते जवळपास दीड हजार मीटर उंचीवरचं विमानतळ होऊन बसतं. पंखांना उचल कमी, इंजिनाचा जोर कमी, मग धाव लांबते किंवा वजन कमी करावं लागतं.

पण या विमानतळाचा खरा इतिहास धावपट्टीवर नाही, तिच्या समोरच्या आकाशात घडला. कुमठ्यातच श्री सिद्धेश्वर सहकारी साखर कारखाना आहे, आणि त्याच्या वीजनिर्मिती प्रकल्पाची सुमारे ९० मीटर उंच चिमणी विमानांच्या वाटेत येते असा वाद कित्येक वर्षं चालला. नुसतं ‘चिमणी उंच आहे’ म्हणून भागत नाही, नियम नीट बघायला हवा. इतक्या लांबीच्या धावपट्टीभोवती ४ किलोमीटरच्या परिघात विमानतळाच्या पातळीपासून ४५ मीटर उंचीवर एक काल्पनिक छत धरलं जातं, त्याच्या वर काही जाऊ नये अशी अपेक्षा असते. शिवाय धावपट्टीच्या टोकापासून एक तिरका उतार धरतात, ४० ते ५० मीटर पुढे गेलं की १ मीटर वर, असा. या उताराखाली ९० मीटरची वस्तू बसवायची तर ती टोकापासून साडेतीन ते साडेचार किलोमीटर लांब हवी. म्हणजे जमीन सपाट धरली तर चिमणी ४५ मीटरच्या त्या छताच्या दुप्पट उंच होत होती. ‘विमान तर बाजूने जातं की’ हा युक्तिवाद तेव्हा खूप ऐकू यायचा, पण नियम नेहमीच्या उड्डाणासाठी नसतो, एक इंजिन बंद पडलेलं किंवा उतरणं रद्द करून परत वर उठणारं विमान डोळ्यासमोर ठेवून तो केलेला असतो. तांत्रिक बाजूने म्हणूनच चिमणी हटवण्याची मांडणी जास्त पटते. मात्र दुसरी बाजूही हलकी नव्हती, कारखाना सहकारी, हजारो ऊस उत्पादकांचा, गाळप हंगाम आणि बिलं सगळं त्याच्यावर. प्रकरण कोर्टात गेलं, शहरात विमानसेवेसाठी आणि चिमणी वाचवण्यासाठी दोन्ही बाजूंनी आंदोलनं झाली. अखेर १५ जून २०२३ ला मोठ्या पोलीस बंदोबस्तात चिमणी पाडली गेली, उभी होती ती काही सेकंदांत धुरळ्यात खाली बसली.

त्यानंतर गाडी जरा वेगाने हलली. टर्मिनलचं नूतनीकरण झालं, वर्षाला सुमारे ४.१ लाख प्रवाशांची क्षमता सांगितली जाते, आणि २९ सप्टेंबर २०२४ ला पंतप्रधानांनी दूरदृश्य पद्धतीने त्याचं उद्घाटन केलं. नियमित विमान मात्र ९ जून २०२५ ला सुरू झालं, फ्लाय ९१ या कंपनीचं गोव्याच्या मोपा विमानतळाला जाणारं, एटीआर ७२ जातीचं. ऑक्टोबर २०२५ मध्ये स्टार एअरची मुंबई सेवा आली. तोट्याची भरपाई म्हणून या मार्गाला राज्य सरकारने आसनामागे ३,२४० रुपये मंजूर केले होते, आणि सोलापूरसारख्या शहरात सुरुवातीची वर्षं अशा मदतीशिवाय निभावणं अवघडच. चादरी-टॉवेलच्या व्यापाऱ्याला मुंबईची रात्रभराची रेल्वे सोडून दिवसा जाता येणं, किंवा तुळजापूर, अक्कलकोट, पंढरपूर करणाऱ्या परगावच्या भाविकाला थेट इथे उतरता येणं, हा या सेवेचा खरा उपयोग.

बोरामणीचं विमानतळ हैदराबाद रस्त्यावर, मोठ्या विमानांसाठी ठरवलेलं. जमीन बरीच घेतली गेली, पण वनजमिनीचा आणि नान्नजच्या माळढोक पक्ष्यांच्या अभयारण्याचा प्रश्न मध्ये आला, त्यामुळे काम रेंगाळलं आणि शहराची सगळी भिस्त होटगी रोडवरच्या धावपट्टीवर येऊन पडली.