दामोदर धर्मानंद कोसंबी

दामोदर धर्मानंद कोसंबी (३१ जुलै १९०७ – २९ जून १९६६) हे पेशानं गणितज्ञ, पण नाव झालं ते प्राचीन भारताच्या इतिहासाची मार्क्सवादी मांडणी करणारे म्हणून. जन्म गोव्यातला, वडील पाली आणि बौद्ध धर्माचे मोठे अभ्यासक धर्मानंद कोसंबी. वडिलांबरोबर लहानपणीच अमेरिकेला गेले, १९२९ ला हार्वर्डची पदवी घेतली, मग बनारस, अलीगढ, पुण्याचं फर्ग्युसन कॉलेज आणि पुढे १९६२ पर्यंत मुंबईची टाटा मूलभूत संशोधन संस्था. राहायला मात्र पुण्यातच, डेक्कन क्वीननं जाऊन येऊन करायचे. जनुकांमधलं अंतर काढायचं त्यांचं १९४४ चं सूत्र जेनेटिक्सवाले अजून वापरतात.

इतिहासात ते शिरले नाण्यांच्या वाटेनं. जुन्या ठसे मारलेल्या चांदीच्या नाण्यांवर ना राजाचं नाव ना साल, मग आधीचं कुठलं आणि नंतरचं कुठलं हे कसं ठरवायचं? कोसंबींचं म्हणणं असं की नाणं हातोहात फिरलं की झिजतं, म्हणजे जास्त फिरलेल्या नाण्यांचं सरासरी वजन कमी भरणार आणि वजनातला फरकही वाढत जाणार, तर तक्षशिलेची नाणी त्यांनी एकेक करून तराजूत घातली आणि त्या आकड्यांवरून क्रम लावला. राजांच्या याद्यांशिवायही इतिहास लिहिता येतो हे इतकं स्वच्छ दाखवणारं काम त्या काळात दुसरं क्वचितच सापडेल.

दुसरं साधन म्हणजे पाय. पुण्याच्या आसपासच्या टेकड्या, कार्ल्याची लेणी, पंढरीच्या पालखीच्या वाटा ते पायी हिंडले, गारगोटीची बारीक अश्मयुगीन हत्यारं गोळा केली, शेंदूर फासलेल्या दगडाला गावकरी काय म्हणतात, नवस कोण बोलतं, कापतात काय, सगळं विचारून घेतलं. आता म्हसोबा घ्या. हा म्हणजे महिषासुर असं कोसंबी मानतात, पण वीर गावच्या म्हस्कोबाचं जोगूबाई देवीशी दरवर्षी लग्न लागतं, म्हणजे असुराला मारणारी देवी आणि असुर एकाच मांडवात! कोसंबींना यात वेगवेगळे देव पुजणारे दोन समाज, एखादा गुराख्यांचा आणि एखादा आधीपासून तिथे असलेला, एकमेकांत मिसळल्याची खूण दिसली. असे सगळेच अंदाज पुराव्यानं पक्के होतात असं नाही, काही ठिकाणी ते फार लांबची उडी मारतात, पण विचारलेला प्रश्न मात्र खराच असतो.

१९५६ च्या पहिल्या मोठ्या ग्रंथात त्यांनी इतिहासाची व्याख्याच दिली, उत्पादनाची साधनं आणि उत्पादनसंबंध (म्हणजे साधनं कुणाच्या हाती आणि राबतं कोण) कसे बदलत गेले याची कालक्रमानं मांडणी. तरी मार्क्सचा साचा जसाच्या तसा भारतावर बसवायला त्यांचा साफ विरोध होता, प्राचीन भारतात युरोपसारखा गुलामगिरीचा टप्पा होता हे त्यांनी मानलं नाही आणि तसं लिहिणाऱ्या कॉम्रेड डांग्यांच्या पुस्तकावर १९४९ ला सडकून टीका केली. नांगराची शेती रानात सरकत गेली तशा टोळ्या जाती बनून गावगाड्यात आल्या, आपापले देव घेऊन, हे त्यांच्या मांडणीचं मर्म. संस्कृतचंही काम तितकंच कसून, भर्तृहरीच्या सुभाषितांची चिकित्सक (हस्तलिखितं ताडून पाहून केलेली) आवृत्ती त्यांचीच (१९४८).

त्यांची ‘वरून’ (राजानं मांडलिकांकडून खंडणी घेत) आणि ‘खालून’ (गावातच जमीनदार वर्ग तयार होऊन) आलेल्या सरंजामशाहीची कल्पना इतिहासकार रामशरण शर्मांच्या कामाच्या पाठीशी आहे, आणि भारतात सरंजामशाही होती का हा वाद इतिहासकार हरबन्स मुखियांनी नंतर परत पेटवला, तो अजून मिटलेला नाही.