आमसूल, चुन्याची निवळी आणि सफरचंदाची फोड

"अरे, किती पटकन लाल पडतंय बघ. लोह किती असेल त्यात!" आई लातूरहून व्हिडिओ कॉलवर म्हणाली. तिकडे संध्याकाळ झाली होती. इकडे मॅसॅच्युसेट्समध्ये ऑक्टोबरमधल्या शनिवारची सकाळ होती आणि ओट्यावर सफरचंदाच्या फोडी पसरल्या होत्या.

हे वाक्य मी लहानपणापासून ऐकत आलोय, तुम्हीही ऐकलं असेल. अंगात रक्त कमी असलं की घरात सफरचंदं येतात आणि फोड लाल पडली की ती 'चांगली' ठरते. पण शंभर ग्रॅम सफरचंदात एक मिलिग्रॅमसुद्धा लोह नसतं. फोड लाल पडते ती गंजल्यामुळे नव्हे. सुरीने पेशी फाटतात, एरवी वेगवेगळ्या कप्प्यांत राहणारे पदार्थ एकत्र येतात आणि पॉलिफेनॉल ऑक्सिडेज नावाचं विकर, म्हणजे एन्झाइम, हवेतल्या ऑक्सिजनच्या मदतीने फेनॉल जातीच्या रसायनांचं तपकिरी रंगद्रव्य करायला लागतं. गंमत म्हणजे या विकराच्या गाभ्यात धातू असतो खरा, पण तो तांबं. लिंबू पिळलं की काम मंदावतं, उकळत्या पाण्यात टाकलं की थांबतं. लोहाचं औषध म्हणून सफरचंद खाऊ घालणं थांबवायला हवं, कारण त्या भरवशावर खरी रक्तचाचणी लांबणीवर पडते. ॲनिमिया असलेल्या बाईला गोळ्या आणि डॉक्टर लागतात.

आईला हे पटलं. मग तिने विचारलं, "पण एवढ्या फोडींचं करणार काय?"

ॲपल क्रिस्प. पानगळीच्या दिवसांत इथल्या घराघरांत होणारा हा प्रकार. काचेच्या पसरट भांड्यात सफरचंदाच्या फोडी, थोडी साखर, दालचिनी, लिंबाचा रस. वर ओट्स, मैदा, ब्राऊन शुगर आणि गार लोणी बोटांनी चोळून केलेला भरड चुरा. १९० अंश सेल्सियसला पाऊण तास. वरचा थर कुरकुरीत होतो, खालची फळं मऊ शिजतात, कडेने रस खदखदतो. ॲपल पायसारखं पीठ मळायला, लाटायला नको, म्हणून नवशिक्यालाही जमतं.

निदान तसं वाटतं. दोन वर्षांपूर्वी मी पहिल्यांदा केलं, तेव्हा चुऱ्याखाली फोड अशी एकही उरली नव्हती, नुसता लगदा होता. तीच कृती, तोच ओव्हन, पुढच्या आठवड्यात मात्र फोडी अखंड. फरक एवढाच की पहिल्या वेळी पिशवीत मॅकिंटॉश होती आणि दुसऱ्या वेळी नॉर्दर्न स्पाय. दोन्ही इथल्या बागांमधल्या जुन्या जाती. पहिली कॅनडात ओंटारिओमध्ये १८११ साली जॉन मॅकिंटॉश यांना जंगल साफ करताना सापडलेल्या रोपांमधून आली, दुसरी न्यूयॉर्क राज्यातली, साधारण १८०० च्या सुमाराची. दोन्ही चवीला आंबटगोड. मग शिजताना एक कोसळते आणि दुसरी उभी राहते, असं का?

याचं उत्तर पेक्टिनमध्ये आहे आणि या पदार्थाबद्दल मी कितीही वेळ बोलू शकतो.

वनस्पतीची प्रत्येक पेशी म्हणजे पाण्याने टम्म भरलेली एक खोली, हे शाळेत शिकलेलं आठवत असेल. खोल्यांच्या भिंती सेल्युलोजच्या. पण शेजारशेजारच्या दोन भिंतींमध्ये एक पातळ थर असतो, विटांमधल्या चुन्यासारखा. तो मुख्यतः पेक्टिनचा. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ आंरी ब्राकोनो यांनी १८२५ साली त्याला हे नाव दिलं. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ आळणारं, घट्ट होणारं. हा थर शाबूत असला की फळ चावताना भेग पेशींमधूनच जाते, पेशी फुटतात, कर्रकन आवाज होतो आणि रस तोंडात येतो. थर सैल झाला की पेशी न फुटता एकमेकींपासून सुटतात, रस आतच राहतो आणि तेच फळ पिठूळ लागतं. पुण्या-मुंबईत उन्हाळ्यात मिळणारं शीतगृहातलं सफरचंद आठवा. ते कोरडं नसतं, त्यातलं पाणी फक्त जिभेपर्यंत पोचत नाही.

फळ शिजणं म्हणजे मुख्यतः हा थर विरघळणं. सफरचंदात त्यातून आणखी एक गोष्ट आहे. त्याच्या आकारमानाचा पाचवा ते चौथा हिस्सा पेशींमधली हवा असते, म्हणूनच ते पाण्यावर तरंगतं. गरम झाल्यावर ही हवा फुगते आणि आधीच सैल झालेल्या पेशींना ढकलते.

आता थोडं खोलात जाऊ. पेक्टिन म्हणजे गॅलॅक्ट्युरॉनिक आम्लाच्या कड्यांची लांबलचक साखळी. प्रत्येक कडीला एक आम्लगट असतो, आणि सफरचंदात त्यातल्या बहुतेकांवर मिथाइल गटाचं टोपण बसवलेलं असतं. उष्णतेने ही साखळी तुटायचे दोन रस्ते आहेत. माध्यम फार आंबट असेल तर आम्लच तिला पाण्याच्या साहाय्याने कापतं. आंबटपणा कमी असेल तर दुसरी अभिक्रिया चालते, तिचं नाव बीटा-एलिमिनेशन. ती फक्त टोपण असलेल्या कडीपाशीच घडते आणि सामू, म्हणजे पीएच, जसजसा वाढतो तसतशी जोर धरते. या दोन रस्त्यांच्या मधोमध, साधारण ३ ते ४ सामूच्या पट्ट्यात, दोन्ही अभिक्रिया मंद असतात. तिथे पेक्टिन सगळ्यात चिवट असतं.

हे तुम्ही स्वयंपाकघरात हजारदा पाहिलंय. आई वरणाच्या डाळीत आमसूल किंवा चिंच कधीच आधी घालत नाही. "आंबट आधी घातलं की डाळ शिजत नाही," हा तिचा नियम. डाळीचा दाणा एकसंध ठेवणारंही पेक्टिनच. आंबटाने सामू खाली, त्या चिवट पट्ट्याकडे सरकतो आणि डाळ कडकच राहते. उलट छोल्यांत चिमूटभर सोडा टाकला की सामू वर जातो आणि छोले मेणासारखे होतात. क्रिस्पमध्ये लिंबाचा रस फोडी लाल पडू नयेत म्हणून घालतात असं बहुतेक जण समजतात. त्याचं तेवढंच महत्त्वाचं काम फोडीची भिंत सांभाळणं हे आहे.

पण मॅकिंटॉशसुद्धा आंबटच की! नुसत्या सामूवर हिशोब लागत नाही. ही जात सप्टेंबरमध्येच लवकर पिकते. तिचा गर मुळात नाजूक, पेशी सैल बांधलेल्या, आणि पिकताना फळातली स्वतःची विकरं पेक्टिन कुरतडायला लागलेली असतात. ओव्हनमध्ये जाण्याआधीच निम्मी भिंत पोखरलेली असते. स्पाय उशिरा येते, ऑक्टोबरच्या उत्तरार्धापर्यंत झाडावर घट्ट असते. म्हणून क्रिस्पसाठी हेच दिवस खरे. तीच सफरचंदं मार्चपर्यंत घरात ठेवली तर गोडी राहील, फोड राहणार नाही.

पिकण्याची ही वाटचाल डोळ्यांनी पाहता येते. बागाईतदार एखादं फळ आडवं कापून त्यावर आयोडीन फवारतात. कच्च्या फळाचा काप काळानिळा होतो, कारण त्यात स्टार्च असतो. पिकत जाईल तसा स्टार्चची साखर होते आणि मधल्या बियांच्या चांदणीपासून पांढरा भाग बाहेर पसरत जातो. मी हे घरी केलं. स्पायच्या कापावर सालीलगत निळी झालर उरली होती, मॅकिंटॉश पूर्ण पांढरं. (आयोडीन लावलेला काप अर्थातच फेकून द्यायचा.)

आता माझा आवडता भाग. फळात पेक्टिन मिथाइलएस्टरेज नावाचं एक विकर असतं. कच्च्या फोडीत ते निवांत असतं. फोड ५५ ते ७० अंशांपर्यंत तापली की पेशींची आवरणं ढिली पडतात, हे विकर मोकळं फिरतं आणि पेक्टिनवरची मिथाइल टोपणं एकेक करून उडवायला लागतं. ८० अंशांच्या पुढे ते स्वतःच निकामी होतं. टोपण उडालं की दोन गोष्टी होतात. एक, बीटा-एलिमिनेशनला धरायला जागाच उरत नाही. दोन, उघड्या पडलेल्या आम्लगटांवर ऋण भार येतो आणि फळातलं कॅल्शियम तिथे येऊन बसतं. कॅल्शियमवर दोन धन भार, त्यामुळे ते एका हाताने ही साखळी धरतं आणि दुसऱ्या हाताने शेजारची. नागमोडी साखळ्यांच्या खळग्यांत कॅल्शियमचे आयन अंड्यांच्या ट्रेमधल्या अंड्यांसारखे बसतात. १९७३ साली मांडलेलं हे चित्र 'एग-बॉक्स' याच नावाने ओळखलं जातं. एकदा ही शिलाई झाली की नंतर शंभर अंशांनाही ती सहज उसवत नाही.

म्हणजे आधी हळूहळू कोमट केलेली फोड, थेट भाजलेल्या फोडीपेक्षा कडक राहते! पहिल्यांदा वाचलं तेव्हा माझा विश्वास बसला नव्हता. म्हणून एकाच पिशवीतली गोल्डन डिलिशियस जातीची सफरचंदं घेतली. निम्म्या फोडी झाकण ठेवून मंद आचेवर, थर्मामीटर खुपसून, ६५ अंशांच्या आसपास वीस मिनिटं ठेवल्या. उरलेल्या तशाच. मग दोन भांडी शेजारी शेजारी एकाच ओव्हनमध्ये. पाऊण तासाने साध्या भांड्यातली फोड चमच्याने दाबताच पसरली. दुसऱ्या भांड्यातल्या फोडीला कडा होत्या, काटा टोचला तर किंचित अडत होता, आणि तरी ती आतून पूर्ण शिजलेली होती. मॅकिंटॉशवर हाच प्रयोग केला तेव्हा लगद्यात काही तुकडे सापडले, पण त्यांना फोड म्हणता येणार नाही. पोखरलेली भिंत शिवायची तरी किती?

आईला कॅल्शियमचं सांगितलं तर ती म्हणाली, "मग आपल्या बोअरच्या पाण्यात डाळ शिजत नाही, ती यानेच का?" यानेच. जड पाण्यातलं कॅल्शियम डाळीच्या पेक्टिनला शिवून टाकतं. कोहळ्याचा पेठा करताना फोडी चुन्याच्या निवळीत भिजवतात तेही हेच, आणि पाकात तासभर उकळूनही त्या शाबूत राहतात. इथे राहणाऱ्यांनी आणखी एक अनुभव घेतला असेल. डब्यातले चिरलेले टोमॅटो रश्शात कितीही शिजवले तरी विरघळत नाहीत. डब्यावरचं लेबल वाचा, कॅल्शियम क्लोराइड लिहिलेलं असतं. रश्शासाठी अख्ख्या टोमॅटोंचा डबा घ्यावा, तोही लेबल बघून.

याच पेक्टिनच्या गोळ्या हल्ली 'शरीरातली विषं बाहेर काढणाऱ्या' म्हणून विकल्या जातात. पेक्टिन हा चांगला तंतुमय पदार्थ आहे आणि तो अख्ख्या फळातून आयता मिळतो. विषं बाहेर काढायला यकृत आणि मूत्रपिंडं आहेत.

वरच्या चुऱ्याबद्दल थोडक्यात. खालच्या फळात पाणी असल्यामुळे ते शंभर अंशांच्या वर फारसं जात नाही. चुरा कोरडा होतो, पुढे तापतो, आणि साधारण १४० अंशांनंतर साखर आणि प्रथिनांमधली मेलार्ड अभिक्रिया वेग घेते. तो खमंग वास तिचा. लोणी गार हवं, कारण वितळलेलं लोणी चुऱ्याचा सपाट लगदा करतं आणि वाफेला बाहेर पडायला फटी राहत नाहीत.

महाराष्ट्रात करून बघायचं असेल तर लाल डिलिशियस घेऊ नका. फिलाडेल्फियाहून आलेल्या सॅम्युअल स्टोक्स यांनी १९१६ च्या सुमारास हिमाचलात कोटगढला या जातीची कलमं लावली आणि तिथून ती सगळीकडे पसरली. दिसायला देखणी, आंबटपणा कमी, शिजवायला कुचकामी. बाजारात हिरवी ग्रॅनी स्मिथ मिळतात, ती घ्या.

माझ्या ओट्यावर त्या शनिवारी दोन्ही जाती होत्या. आता मी दोन भाग स्पाय आणि एक भाग मॅकिंटॉश घेतो. स्पायच्या फोडी उभ्या राहतात. मॅकिंटॉश मुद्दाम विरघळू देतो, म्हणजे त्यातलं सुटलेलं पेक्टिन साखर आणि आम्लाबरोबर रसात उतरतं. ओव्हनमधून काढल्यावर रस पाण्यासारखा पातळ दिसतो. वीस मिनिटं हात लावायचा नाही. तेवढ्यात तो फोडींभोवती आळतो.